अनुभव धागा : माउंट सिल्व्हरवर तुमचं काय झालं?

काजवा (धागाकर्ता)

मंडळी, पोकेमॉनचा विषय निघाला की गाडी पहिल्या तीन स्टार्टरवर (सुरुवातीला निवडायला मिळणारे पोकेमॉन) अडकते ती तिथेच. म्हणून हा धागा एकाच जागेसाठी, गेममधल्या माउंट सिल्व्हर या डोंगरासाठी. गोल्ड, सिल्व्हर, क्रिस्टल किंवा नंतरचे हार्टगोल्ड-सोलसिल्व्हर, यातलं काहीही खेळून माउंट सिल्व्हरपर्यंत गेला असाल तर लिहा. पायथ्यावरून परत फिरला असाल तरी लिहा.

न खेळलेल्यांसाठी थोडक्यात. जोहतो या प्रदेशातले आठ बॅज (जिमच्या प्रमुखाला हरवलं की मिळणारी खूण), मग लीग (चार तगडे ट्रेनर आणि चॅम्पियन), मग कँटो या दुसऱ्या प्रदेशातले आठ. सोळा पूर्ण झाले की पॅलेट टाउनमध्ये प्रोफेसर ओक परवानगी देतात आणि लीगच्या नाक्यावरचा पश्चिमेचा रस्ता मोकळा होतो. रूट २८, पुढे एक पोकेमॉन सेंटर, पुढे गुहा. तिच्या टोकाला रेड उभा. १९९६ सालच्या पहिल्या गेममध्ये आपणच ज्याला चालवत होतो, तोच.

मला सगळ्यात जास्त जाणवलं ते हे, की तिथे कुणीच नाही. कँटोभर दर वळणाला कुणीतरी नजर भिडली की अडवतो, लढाई लावतो, हरल्यावर काहीतरी पुटपुटतो. इथे एकही ट्रेनर नाही. जंगली पोकेमॉन आणि तुम्ही. मी गुहेत सारखा थांबून पडदा नीट बघायचो, कुणी लपलंय का म्हणून.

चकवा

गुहेत शिरलं की काळोख. फ्लॅश (उजेड पाडणारी चाल) शिकवलेला पोकेमॉन सोबत हवा, पण टीममधली एक जागा त्यासाठी वाया घालवायची नाही असा माझा हट्ट. मग भिंतीला धडकायचं, ‘धप्प’ आवाज आला की एक पाऊल बाजूला, पुन्हा धप्प. बाबांच्या कॉम्प्युटरवर इम्युलेटर (गेम कॉम्प्युटरवर चालवणारा प्रोग्रॅम) होता, स्पेसबार दाबून धरला की गेम पळायचा. इथे त्याचा काही उपयोग नाही, नुसते गोलबॅट (वटवाघळासारखे जंगली पोकेमॉन) वेगाने यायचे.

तरी फ्लॅशशिवायच जावं असं माझं मत आहे. उजेडात ती गुहा अगदीच साधी निघते.

ताकपिठं

माझी तक्रार आहे, आणि ती जुन्या गेमबद्दल आहे. आकडे बघा. लीगचा चॅम्पियन लान्स, त्याचा सगळ्यात तगडा ड्रॅगोनाइट लेव्हल ५०. सोळावा बॅज देणारा ब्लू, त्याचे वरचे ५८. आणि रेडचा पिकाचू ८१! त्याचा सगळ्यात खालचा एस्पिऑनसुद्धा ७३. मधल्या दरीवर पूल कुठेय? गुहेतले जंगली पोकेमॉन पन्नाशीच्या आसपास, ट्रेनर नाहीत, म्हणजे लीगला पुन्हा पुन्हा जा आणि तेच चौघे आणि लान्स, तेच चौघे आणि लान्स. अख्खी उन्हाळ्याची सुट्टी माझी त्यात गेली. आई विचारायची, जिंकलास ना एकदा, मग परत त्यांच्याशीच काय भांडतोस?

लोक याला ‘आव्हान’ म्हणतात. मी याला लेव्हलचं गणित चुकलंय असं म्हणतो. अर्धी लेव्हल लीगमध्येच घासून काढायची असेल तर डोंगर कशाला दाखवलात?

पण एक कबूल. रेडच्या स्नोरलॅक्सने अ‍ॅम्नेशिया ही चाल करून करून स्वतःला पक्कं केलं, मग रेस्ट घेऊन झोपला आणि झोपेत स्नोर मारत राहिला, तेव्हा मी चिडलो नाही, हसलो. पहिल्या गेममध्ये रस्ता अडवून घोरणारा हाच तो.

काजवा

@ताकपिठं, गणिताबद्दल सहमत. पण डोंगर रिकामा ठेवला तो मुद्दाम, असं मला वाटतं. तिथे पाचपन्नास ट्रेनर पेरले असते तर लेव्हल सुटली असती आणि डोंगर गेला असता.

भुईमूग

लार्विटार!! जुन्या गोल्ड-सिल्व्हरमध्ये हा याच गुहेत मिळतो, तोही लेव्हल १५ किंवा २० चा. त्याचं शेवटचं रूप टायरानिटार, ते व्हायला ५५ लागतात. म्हणजे सगळा गेम संपत आलाय, समोर एक लढाई उरलीय, आणि हातात हे बाळ. घे आणि वाढव. मी वाढवला. रेडशी लढला तो टायरानिटार होऊनच.

मावळतीकर

मी सोलसिल्व्हरवाला, म्हणजे २००९चा रीमेक. तिथे सोळा बॅज झाल्यावर ओककाका रॉक क्लाइंब (कडा चढायची चाल) देतात, त्याशिवाय वर जाताच येत नाही. त्यामुळे चढल्यासारखं खरंच वाटतं, कडा आली की चढ, पुन्हा कडा. माथ्यावर बर्फ.

आणि लढाईत सतत गारा. दर फेरीला थोडं थोडं रक्त जातं, माझंही आणि त्याचंही. फक्त त्याच्या लाप्रासला काही होत नाही, कारण तो बर्फाचाच. गारांमध्ये ब्लिझर्ड ही बर्फाची चाल चुकत नाही हे मला तिथे, त्याच्या हातून शिकायला मिळालं. लाप्रास, स्नोरलॅक्स, ब्लास्टॉइज, तिघांकडे ब्लिझर्ड. माझ्या टीममध्ये दोन ड्रॅगन होते, आणि बर्फापुढे ड्रॅगन कच्चे. पुढचं सांगत नाही.

पिकाचू इथे ८८ चा, लाइट बॉल नावाची वस्तू घेऊन व्होल्ट टॅकल ही चाल मारतो. स्वतःलाही लागतं त्याला. एवढासा जीव आणि अंगावर येतो कसा! जिंकल्यावर मात्र बक्षीस चांगलं आहे, ओककडे परत गेलं की बल्बासॉर, चारमँडर, स्क्वर्टल यांपैकी एक मिळतो.

निवडुंग

रेडची टीम कुणी नीट पाहिली का? तीन स्टार्टरची शेवटची रूपं आणि पिकाचू, म्हणजे ‘पोकेमॉन यलो’ या पिवळ्या गेमची आठवण. स्नोरलॅक्स वर आलाच. एस्पिऑन का, तर पहिल्या गेममध्ये सेलाडनला एक ईव्ही भेट मिळायची, ती मोठी झाली. रीमेकमध्ये तिच्या जागी लाप्रास आला, तोही सिल्फ कंपनीत भेट मिळायचा. म्हणजे समोर उभी आहे ती आपलीच जुनी सेव्ह फाइल. त्याने एक शब्द न बोलणं मला म्हणूनच पटतं. पहिल्या गेममध्ये आपण तरी कुठे बोललो होतो?

आता माझा अनुभव. डोंगरावर जायच्या आधी मी पॅलेटमध्ये रेडच्या घरी डोकावलो होतो. त्याची आई म्हणते, बरेच दिवस झाले, फोन नाही, कुठे आहे कळत नाही. खबर नाही म्हणजे बरा असेल म्हणतात, पण काळजी वाटतेच. मी वर जाऊन त्याला हरवलं, तो तीन टिंबं म्हणाला आणि नाहीसा झाला, श्रेयनामावली लागली. परत खाली आलो आणि धावत त्या घरी गेलो. बाई तेच वाक्य बोलल्या. सांगायची सोयच ठेवलेली नाही! गेममधल्या कुठल्याही हरण्यापेक्षा हे मला जास्त लागलं.

चकवा

@निवडुंग, शाळेत आमच्याकडे एक सिद्धांत होता की रेड मेलेला आहे आणि वर आहे ते भूत. नाहीसा होतो ना, म्हणून.

निवडुंग

तो सिद्धांत २०१६ला निकालात निघाला. सन आणि मूनमध्ये रेड आणि ब्लू दोघंही अलोलाच्या बॅटल ट्रीपाशी उभे आहेत, चांगले मोठे झालेले, उन्हाळी कपड्यांत. ब्लू बडबडतो. रेड अजूनही टिंबंच.

दूरदेशी

न्यू जर्सीहून लिहितेय. माझ्याकडे दादाची खरी कार्ट्रिज आहे, चंदेरी. या गेममध्ये घड्याळ असल्यामुळे आतली बॅटरी सतत खर्च होते, आणि सेव्हही तिच्यावरच टिकून असतो. बॅटरी मेली की सगळं गेलं. दादाचा सेव्ह रेडच्या समोर होता, ‘उद्या लढू’ म्हणून ठेवलेला. मी लावून पाहिली तर नुसतं ‘न्यू गेम’. नवी बॅटरी डाख लावून बसवून घेतली आणि त्याच्याच नावाने पहिल्यापासून सुरू केलाय. सध्या गोल्डनरॉडमध्ये आहे. तिथल्या जिमच्या प्रमुख व्हिटनीच्या मिल्टँक या पोकेमॉनला तुम्ही सगळे कसे पार झालात तेही कधीतरी सांगा.

भुईमूग

@दूरदेशी, त्याच गावात एक ड्रावझी घेऊन माचॉप (मिल्टँकवर भारी पडणारा मारामारीचा पोकेमॉन) देणारा आहे. मिल्टँकची काळजी सोडा.

मुळाक्षर

मी गेम खेळलेली नाही, टीव्हीवरचा पोकेमॉन पाहिलाय. तिथे सिल्व्हर कॉन्फरन्स ही स्पर्धा याच डोंगराच्या पायथ्याशी होते ना? प्रचंड स्टेडियम, गर्दी, मशाल. त्यामुळे इथे सगळे ‘रिकामं, रिकामं’ म्हणताय ते वाचून गंमत वाटली.

एक प्रश्न. मला मिसड्रीव्हस ही भुताची पोकेमॉन फार आवडते. ती इथेच मिळते म्हणतात, खरंय का? आणि सुरुवात कुठल्या गेमने करू?

काजवा

जुन्या तिन्ही गेममध्ये ती याच गुहेत, आणि फक्त रात्री. गेमची रात्र संध्याकाळी सहाला सुरू होते ती पहाटे चारपर्यंत, तेव्हा दुपारी जाऊन शोधू नका. सुरुवात हार्टगोल्ड किंवा सोलसिल्व्हरने करा, हाताला सोपे आहेत. काळोखातली धप्प धप्प हवी असेल तर मग जुना क्रिस्टल. आणि वाटेत रूट २८ वरच्या घरात जरूर जा, तिथे लपून राहिलेली एक प्रसिद्ध बाई आहे. कुणाला सांगणार नाही म्हणालात की स्टील विंग ही चाल देते.