धर्मग्रंथात मानशीच्या फळ्या कशाला?

शब्दवेडी: आपण मिळून रचतोय त्या कल्पित खाडीदेशाच्या 'आपसंहिते'चा, म्हणजे पाण्याच्या धर्मग्रंथाचा, नवा मसुदा वाचला. दोन चंद्र, सात मुखांची खाडी, सगळं झकास. आणि तिसऱ्या अध्यायात एकदम बांधाची रुंदी, मानशीच्या (बांधातल्या पाणदाराच्या) फळ्या, खेकड्यांची बिळं! हा धर्मग्रंथ आहे की पीडब्ल्यूडीचं टेंडर? ऋग्वेदातलं आपःसूक्त (१०.९) बघा. ९ ऋचा, एकही माप नाही. मापं आली की पावित्र्य गेलंच.

मानसराखण: ताई, त्यातल्या पहिल्या ३ ऋचा संध्येत मार्जनाला म्हणतात. अंगावर चार थेंब शिंपडायला माप कशाला लागेल? पाणी शोधायची वेळ आली तेव्हा वराहमिहिरानं काय लिहिलं ते बघा. बृहत्संहितेतलं दकार्गल, म्हणजे भूजल शोधायचा अध्याय: निर्जल जागी वेतस दिसला तर त्याच्या पश्चिमेला ३ हातांवर, दीड पुरुष खोल पाणी. पुरुष म्हणजे हात वर करून उभा माणूस, १२० अंगुळं. जांभळीच्या पूर्वेला लागून वारूळ असेल तर दक्षिण अंगाला २ पुरुषांवर गोडं पाणी. खडक फुटेना? पळस आणि टेंभुर्णीची लाकडं पेटवून लाल होईतो तापवा, वर चुन्याचं पाणी ओता. पाणी गढूळ किंवा खारट निघालं तर विहिरीत नागरमोथा, वाळा, आवळा यांचं चूर्ण आणि निवळीची फळं टाका.

शब्दवेडी: ते शास्त्र झालं, श्रुती नव्हे. शाळेतलं पोरही सांगेल.

मानसराखण: त्या अध्यायाचा पहिलाच शब्द 'धर्म्यं' आहे. पोराला विचारून घ्या.

सड्यावरचा: वारुळावरून आठवलं. मसुद्यातल्या जलदेवतेची पितळी मूर्ती कुणी घुसडली? आपली सातेरी देवी रोयणीच्या, म्हणजे वारुळाच्या, रूपात पुजतात. रोयण तिथं पाणी, हे आपल्या लोकांना वराहमिहिराच्या आधीपासून ठाऊक होतं.

मानसराखण: मूर्ती काढा, हरकत नाही. पण रोयण म्हणजे पाणी, हे चुकीचं. दकार्गलात झाड, दिशा, अंतर, खोली असं सगळं जुळावं लागतं, नुसत्या वारुळावर काही ठरत नाही. गोव्यात वर्षाला ३००० मिमीच्या आसपास पाऊस, रोयणी जागोजाग. सड्यावरचं, म्हणजे पठारावरचं, पाणी जांभ्याच्या भोकांतून उतरतं, खालच्या चिकणमातीच्या थरावर अडतं आणि पायथ्याशी झर होऊन फुटतं. ग्रंथात नियम घालायचाच तर 'झरीच्या माथ्यावरचा सडा खणू नये' असा घाला.

सड्यावरचा: देव बरें करूं. चिरेखाणवाले पाठ करतील.

बांधावरून: तुमचा सडा राहू दे. मसुद्यात पापं १२ आहेत आणि खरं पाप एकही नाही! भरती चढली की बाहेरच्या दाबानं मानशीच्या फळ्या मिटायला हव्यात, ओहोटीला आतल्या पाण्यानं त्या उघडायला हव्यात. मानशीवरच्या मासेमारीचा लिलाव घेणारा काय करतो? भरतीतही फळ्या उघड्या अडवून धरतो, मासे आत यावेत म्हणून. पोंयीतलं (बांधाच्या आतल्या तळ्यातलं) खारं पाणी सर्वांत सखल शेताच्या वर चढलं की संपलं, मग खारं पाणी सोसणारा कोरगुट भातही तग धरत नाही. शिवाय वेगानं आत घुसणारं पाणी बांधाच्या पायाची माती ओढून नेतं. याला शिक्षा कुठल्या अध्यायात आहे? खेकड्याच्या बिळाची चेष्टा करणाऱ्यांनी एवढं समजून घ्यावं: बिळातून आधी पाणी झिरपतं, मग गढूळ येतं. गढूळ आलं म्हणजे आतून माती सुटली. त्याच ओहोटीत बीळ खणून चिखल आणि पेंढा ठेचून भरायचा, बाहेरून जांभे रचायचे. नाहीतर पुढच्या भरतीला तिथं भगदाड असतं.

शब्दवेडी: पाणी मापात घातलं की पुढं काय होतं ते म्हादई नदीच्या पाणीवाटपावरून दिसलं. लवादाच्या २०१८ च्या निवाड्यात गोव्याला २४ टीएमसी, कर्नाटकाला १३.४२, महाराष्ट्राला १.३३. झालं पवित्र?

मानसराखण: भांडण मापानं लावलं, असं म्हणायचंय? तराजू नसता तर बाजारात मारामाऱ्या थांबल्या असत्या, तसंच.

उधाणभांग: तुम्ही दोघं भांडा, मसुदा भलतीकडेच बुडतोय. 'पौर्णिमेला मानशीवर दोघांनी जागावं' असं लिहिलंय. पहिल्या अध्यायात थोरला चंद्र ३० दिवसांचा, धाकटा २० चा, दोघांची सुरुवात एकाच अमावास्येला. थोरल्याची उधाणं (अमावास्या-पौर्णिमेच्या मोठ्या भरत्या) ०, १५, ३०, ४५ व्या दिवशी, धाकट्याची ०, १०, २०, ३० व्या. दोन्ही जुळतात दर ३० दिवसांनी, म्हणजे कायम थोरल्याच्या अमावास्येला. त्याच्या पौर्णिमेला धाकटा काटकोनात असतो, भरती फिकी. ग्रंथ पाळणारे नेमके चुकीच्या रात्री जागणार.

शब्दवेडी: धाकटा एवढासा. त्याची ओढ ती किती?

उधाणभांग: एवढासा दिसला म्हणून काय झालं? भरतीची ओढ वस्तुमानावर आणि अंतराच्या घनावर ठरते. अंतर निम्मं, तर ओढ ८ पट. आपला सूर्य केवढा अजस्र, तरी भरतीत चंद्राच्या निम्म्याहून कमी, साधारण ४६ टक्के. २० दिवसांत फेरी म्हणजे धाकटा जवळ आहे. थोरल्याइतका जड असता तर त्याची ओढ थोरल्याच्या दुपटीहून जास्त भरली असती.

बांधावरून: मग 'पौर्णिमा' खोडून 'अमावास्या' लिहा की! दोन ओळींचं काम, त्यासाठी आकाश कशाला हलवताय?

शब्दवेडी: खोडू नका. मूळ ऋचेत चूक तशीच राहू दे, भाष्यकार दुरुस्त करतील. जुने ग्रंथ असेच तर दिसतात. तुमची मापंही भाष्यात घाला. घ्या, दिली जागा. समाधान?

मानसराखण: भाष्यकार जन्माला येईपर्यंत किती खाजनं (बांध घालून राखलेली खाडीकाठची शेतं) बुडवायची तेवढं सांगा, म्हणजे तोही आकडा भाष्यात घालतो.

उधाणभांग: आणि पाचव्या अध्यायात धाकट्याला अष्टमीला ग्रहण लावलंय. ते कुणाचं काम?

शब्दवेडी: माझं. बोला.