संतांचे अवशेष पुजावेत का?

रेखांश

मे २०२५ मध्ये हाँगकाँगला सदबीज या लिलाव कंपनीने उत्तर प्रदेशातल्या पिप्रहवाच्या स्तूपातली रत्नं विक्रीला काढली. १८९८ साली विल्यम पेपे या इंग्रज जमीनदाराने हा स्तूप खणला, तेव्हा बुद्धाच्या म्हणून मानल्या गेलेल्या अस्थींसोबत ती सापडली होती आणि त्यातला काही वाटा त्याच्या घराण्याकडे राहिला होता. भारत सरकारने नोटीस बजावली, लिलाव थांबला, आणि जुलैअखेर एका भारतीय उद्योगसमूहाने ती विकत घेतल्यावर रत्नं परत आली. ती आली याचा आनंद मलाही आहे. पण या निमित्ताने एक जुना प्रश्न मांडतो. संतांची हाडं, केस, वस्त्रं, पात्रं यांची पूजा करून आपण त्यांचा मान राखतो, की त्यांनी जे सांगितलं ते बाजूला सारतो?

माझं मत दुसऱ्या बाजूचं आहे. बुद्धाच्या अखेरच्या दिवसांची हकिकत सांगणाऱ्या महापरिनिब्बान सुत्तात त्यांचा शिष्य आनंद विचारतो, तुमच्या देहाचं काय करायचं? बुद्ध सांगतात, त्याच्या पूजेत तुम्ही भिक्षूंनी अडकू नका, आपल्या साधनेला लागा. त्याच सुत्ताच्या शेवटी काय होतं पाहा. ठिकठिकाणचे दावेदार कुसिनारेला, म्हणजे बुद्ध जिथे गेले त्या गावी, येऊन अस्थींवर हक्क सांगतात, प्रकरण हातघाईवर येतं आणि द्रोण नावाचा ब्राह्मण आठ वाटे करून तंटा मिटवतो. शिकवण देऊन गेलेल्या माणसाच्या पश्चात पहिली वाटणी झाली ती हाडांची.

इतर धर्मांतही हेच दिसतं. सेंट फ्रान्सिस झेवियर १५५२ मध्ये चीनच्या किनाऱ्याजवळच्या बेटावर वारले, देह गोव्यात आणला गेला आणि १६१४ मध्ये त्यांचा उजवा हात कोपरापासून कापून रोमला पाठवला. फ्रान्सच्या नवव्या लुईने ख्रिस्ताचा काटेरी मुकुट म्हणून जी वस्तू मिळवली तिच्यासाठी १,३५,००० लिव्हर (तेव्हाचं फ्रेंच चलन) मोजले. ती ठेवायला बांधलेल्या पॅरिसच्या सेंट शापेल या प्रार्थनामंदिराला त्याच्या तिसऱ्या हिश्श्याहूनही कमी खर्च आला. २७ डिसेंबर १९६३ ला श्रीनगरच्या हजरतबल दर्ग्यातून पैगंबरांचा पवित्र केस नाहीसा झाला. ४ जानेवारीला तो सापडला, पण तोवर काश्मीर रस्त्यावर उतरलं होतं आणि पूर्व पाकिस्तानात दंगली पेटून माणसं मारली गेली. वस्तू इतकी मोठी झाली की तिच्यापुढे जिवंत माणूस लहान ठरला. माझा आक्षेप याला आहे.

पायवाट

रेखांश, तुमची सगळी उदाहरणं राजांची, दरबारांची आणि दंगलींची आहेत. जो माणूस रांगेत उभा राहतो त्याच्याकडे तुम्ही पाहिलंच नाही.

वारीच्या पालखीत ज्ञानोबांचा देह नसतो. पादुका चांदीच्या आहेत आणि माउलींनी त्या पायात घातलेल्या नाहीत, हे दर्शनाला येणाऱ्याला चांगलं ठाऊक असतं. तुकोबांचे चिरंजीव नारायणबाबा यांनी १६८५ मध्ये पादुका पालखीत ठेवून पंढरीची वाट धरली, तेव्हाही कुणाला फसवलं नव्हतं. मी त्या पादुकांवर डोकं टेकवलं आहे. मागचा लोंढा ढकलत असतो, बुक्का आणि तुळशीचा वास एकमेकांत मिसळलेला असतो, आणि चांदी थंड लागत नाही, कारण आधीच्या शेकडो कपाळांनी ती कोमट झालेली असते. त्या क्षणी मला ज्ञानोबांइतकीच माझ्या पुढची आणि मागची माणसं जाणवली. ज्यांची नावं मला कधी कळणार नाहीत त्यांच्याशी मी त्या धातूने जोडली गेले. ओव्या मी घरी वाचतेच. पण घरी वाचताना मी एकटी असते.

शिकवण बाजूला पडते म्हणता, तर वारीत वाटभर काय चालतं? अभंगच ना? पादुका नसत्या तर एवढी माणसं अभंग म्हणत एका वाटेने चालली असती का, याचं उत्तर द्या.

टिपकागद

पायवाट, अनुभवाबद्दल आदर आहे, पण तुम्ही विषय सोप्या बाजूला नेलात. पादुका हे उघड प्रतीक आहे, तिथे खरं-खोटं हा प्रश्नच येत नाही. 'हे हाड त्यांचंच', 'हे लाकूड ख्रिस्ताच्याच क्रूसाचं' असा दावा होतो तिथे अडचण आहे. ख्रिस्ती धर्मसुधारक कॅल्व्हिनने १५४३ मध्येच लिहिलं होतं की क्रूसाचे म्हणून दाखवले जाणारे सगळे तुकडे गोळा केले तर जहाज भरेल. खोट्या दाव्यावर उभी असलेली भक्ती कितीही हळवी असो, मला ती मान्य नाही.

उत्खनक

जहाजाची गोष्ट गेली पावणेपाचशे वर्षं सांगितली जाते आणि ऐकणारा ती मोजून पाहत नाही. रोहो द फ्लरी या फ्रेंच अभ्यासकाने १८७० मध्ये माहीत असलेल्या तुकड्यांची नोंद करून घनफळ काढलं. सगळं लाकूड मिळून एका क्रूसाचा लहानसा अंशच भरला. त्यावरून तुकडे खरे ठरत नाहीत, पण टीका करणाऱ्यानेही अंदाजपंचे बोलू नये.

आता सुत्ताकडे. रेखांश यांनी अर्धाच भाग दिला आहे. भिक्षूंना गुंतू नका म्हटल्यावर पुढे लगेच येतं की श्रद्धावान गृहस्थ ते काम करतील, चक्रवर्ती राजासाठी उभारतात तसा चार रस्ते मिळतात तिथे स्तूप उभारावा, आणि तिथे फुलं वाहून ज्यांचं चित्त प्रसन्न होईल त्यांचं दीर्घकाळ कल्याण होईल. म्हणजे मनाई सरसकट नव्हती. कुणी काय करायचं ते वाटून दिलं होतं.

नालासोपाऱ्याचं उदाहरण मला फार मोलाचं वाटतं. १८८२ मध्ये पंडित भगवानलाल इंद्रजींनी तिथला स्तूप उघडला. आत दगडी पेटी होती आणि तिच्यात तांबं, चांदी, दगड, स्फटिक, सोनं अशा एकात एक बसवलेल्या डब्या. सर्वांत आतली सोन्याची. तीत निघाले मातीच्या भांड्याचे बारीक तुकडे, बुद्धाच्या भिक्षापात्राचे म्हणून जपलेले. मूल्यवान धातू बाहेरून आत चढत जातो आणि गाभ्यात भीक मागायचं मडकं! ज्याने ही रचना केली त्याला शिकवण कळली नव्हती असं मी म्हणणार नाही. त्याग केलेल्या माणसाची सर्वांत साधी वस्तू त्याने सोन्याहून वरची ठरवली.

रेखांश

उत्खनक, पुढचा भाग मला माहीत आहे आणि तो माझ्याच बाजूने जातो. तिथे चित्त प्रसन्न होण्याला महत्त्व दिलं आहे. नवस फेडणं, आजार बरा करून घेणं, राज्याला वैधता मिळवणं यातलं काहीही तिथे नाही. प्रत्यक्षात श्रीलंकेत ज्याच्याकडे दंतधातू, म्हणजे बुद्धाचा म्हणून जपलेला दात, तो राज्याचा अधिकारी असं शतकानुशतकं मानलं गेलं. १९९८ मध्ये तो दात ठेवलेल्या कँडीच्या मंदिरावर तमिळ वाघांनी बाँबहल्ला केला तोही याच राजकीय अर्थामुळे.

पायवाट, तुमच्या प्रश्नाचं उत्तर देतो. पादुका नसत्या तर कदाचित इतकी माणसं चालली नसती. पण तुम्हीच म्हणालात, त्या चांदीच्या आहेत हे सगळ्यांना ठाऊक असतं. म्हणजे खऱ्या हाडाविना माणसं जोडली जातात, हे तुमच्याच अनुभवातून सिद्ध होतं. मग हाडांचा आग्रह कशाला?

ओहोळ

मी कॅथलिक आहे, म्हणून दोन गोष्टी आमच्या बाजूने. चर्च अवशेषांची आराधना करायला सांगत नाही. आराधना फक्त देवाची, संतांना आदर. पवित्र अवशेष विकण्याला चर्चच्या कायद्याच्या कलम ११९० मध्ये सक्त मनाई आहे. व्यवहारात हे नियम मोडले गेले, आजही मोडले जातात, आणि त्याची मला लाज वाटते. झेवियर यांचा हात कापला याचं समर्थन मी करणार नाही.

टिपकागद, खोट्या दाव्याबद्दल ट्युरिनच्या कफनाचं, येशूचं म्हणून मानल्या जाणाऱ्या कापडाचं, पाहा. १९८८ मध्ये चर्चनेच नमुना दिला आणि ऑक्सफर्ड, झुरिक व अॅरिझोनाच्या प्रयोगशाळांनी कापड १२६० ते १३९० च्या दरम्यानचं ठरवलं. तो निकाल ट्युरिनच्या कार्डिनलनीच पत्रकारांपुढे जाहीर केला. त्यानंतरच्या प्रदर्शनांनाही लाखो लोक आले. त्यातले कित्येक तो निकाल माहीत असूनच येतात, कारण त्या कापडावर त्यांना छळ सोसलेला माणूस दिसतो.

आणि हाडांचा आग्रह धर्मालाच असतो का? फ्लोरेन्सच्या विज्ञान संग्रहालयात गॅलिलिओचं बोट काचेच्या भांड्यात उभं करून ठेवलंय. १७३७ मध्ये त्यांचा देह हलवताना ते काढून घेतलं. चर्चने ज्यांना दोषी ठरवलं, त्यांच्याच बोटाला विज्ञानाच्या चाहत्यांनी संताचा मान दिला. लेनिनचा देह मॉस्कोत अजून आहे. ज्याच्यावर जीव जडतो त्याचं काहीतरी उरावं असं माणसाला वाटतं. ती भूक काढून टाका म्हणण्यात अर्थ नाही.

टिपकागद

कफनाचं उदाहरण मान्य. तपासणी करू दिली, निकाल लपवला नाही. जिथे एवढं होतं तिथे माझी तक्रार नाही. बहुतेक ठिकाणी ते होत नाही. गॅलिलिओचं बोटही मला खटकतंच. त्यांच्या दुर्बिणी त्याच इमारतीत आहेत, त्या पुरेशा होत्या.

उत्खनक

रेखांश, तुमच्या मूळ प्रसंगाकडे परत येतो, कारण तिथे अजून वाद शिल्लक आहे. १८९९ मध्ये इंग्रज सरकारने पिप्रहवाच्या अस्थी सयामच्या राजाला दिल्या आणि तिथून त्यांचे वाटे ब्रह्मदेश व श्रीलंकेच्या बौद्धांपर्यंत गेले. रत्नं मात्र कोलकात्याचं संग्रहालय आणि पेपे घराणं यांच्यात वाटली गेली. अस्थी पूज्य आणि रत्नं ऐवज, ही फाळणी अधिकाऱ्यांनी केली. पुरणाऱ्यांनी दोन्ही एकाच राखेत, एकाच पेटीत ठेवलं होतं. त्यांच्या दृष्टीने ते एकच दान होतं. अवशेषांना 'नुसती वस्तू' म्हणण्याच्या तुमच्या भूमिकेतूनच त्या लिलावाची वाट निघते. पूज्य मानणाऱ्यांनी ओरड केली नसती तर ती रत्नं आज कुठल्यातरी खाजगी तिजोरीत असती.

रेखांश

ओरड करणाऱ्यांचं श्रेय मी नाकारत नाही. पण शेवटी ती पैसे मोजूनच आणावी लागली, आणि लुईने मुकुटासाठी मोजले तेही पैसेच होते. यापुढे अशा वस्तूंची विक्रीच बेकायदा ठरावी यासाठी बौद्ध देश एकत्र आले, तर त्या मागणीवर मी तुमच्या बरोबरीने सही करीन. पूजेबाबतचं माझं मत तरीही तेच राहील.