किशोरकुमार संगीतकार की हौशी? (शेवभाजीवाल्यांनीही यावं)

तापीकाठचा:
काल इथे कुणीतरी लिहिलं, "किशोरला संगीतकार म्हणणं म्हणजे शेवभाजीला पक्वान्न म्हणणं." आधी शेवभाजीची माफी मागा. मग 'दूर गगन की छांव में' (१९६४) ऐका. निर्माता तोच, दिग्दर्शक तोच, पडद्यावर तोच, सोबत पोरगा अमित. चाली त्याच्या, 'आ चल के तुझे'चे शब्दही त्याचेच. गाण्याची रीतसर तालीम नाही, आणि चाल अशी की पोराचं बोट धरून रमतगमत चाललोय. लावून दाखवा अशी एक.

पेटीवाला:
वीस वर्षं ऑर्केस्ट्रात पेटी बडवलीय म्हणून बोलतो. चाल गोड आहे. पण घरच्या पिक्चरबाहेर त्याला चाली लावायला बोलावलं कुणी? आणि त्याच्याच 'झुमरू' पिक्चरमधलं 'कोई हमदम न रहा' डोक्यावर घेऊन नाचता, ते मुळात सरस्वतीदेवींचं. 'जीवन नैया', १९३६. थोरल्या भावानं, अशोककुमारनं गायलेलं. बाकी किशोरच्या नावावर मला काय मिळालं? भुसावळला एका लग्नात रात्री दोनपर्यंत वाजवून घेतलं, पाकिटात निम्मेच पैसे. वर म्हणे, "किशोर तर आपलाच ना!"

रावेरची केळी:
पैशांचं वाईट झालं भाऊ, पण आपलाच आहे तो! रावेरहून गाडीत बसा, बऱ्हाणपूर गेलं की खंडवा, किशोरचं जन्मगाव. आणि बऱ्हाणपूर म्हणजे जुन्या खानदेशची राजधानी.

निमाडची सून:
माहेर अमळनेर, सासर खंडवा. बऱ्हाणपूर फारुकी सुलतानांच्या काळात तुमचं असेल, खंडवा निमाडात आहे. माझ्या सासूसमोर खानदेश म्हणून बघा, चहा मिळणार नाही.

धुळेकर:
खानदेश म्हणजे फक्त भुसावळची रेल्वे लाइन का हो? धुळं-नंदुरबार कुणाच्या खिजगणतीत नाही. नेहमीचंच.

रावेरची केळी:
तुमच्याकडे किशोर जन्मला असता तर घेतलं असतं की! वडील मला एकदा ४ ऑगस्टला, त्याच्या वाढदिवशी, खंडव्याला त्याच्या समाधीवर घेऊन गेले. लोक दूध-जलेबी ठेवत होते. पाक फरशीवर ओघळलेला, मुंग्यांची रांग, आणि वडील टोपी हातात घेऊन उभे. घरात देवापुढेही कधी असे उभे राहिलेले पाहिले नाहीत. सीमा कसल्या सांगता?

निमाडची सून:
वडिलांना नमस्कार. तरी निमाडच.

तापीकाठचा:
धागा संगीताचा आहे, तलाठ्याला बोलावू का? पेटीवाले, 'जमीन आसमान', १९७२. हिरो सुनील दत्त, संगीत किशोरकुमार. घरच्याबाहेर हवं होतं ना?

पेटीवाला:
बरं, एक. लिहून ठेवलं. एका पिक्चरवर पंचमच्या, म्हणजे आर. डी. बर्मनच्या, रांगेत बसवताय, शाब्बास.

तापीकाठचा:
पंचमचं नाव मी काढलंच नाही! वर जाऊन वाचा. स्वतःच बाहुलं उभं करायचं नि स्वतःच पाडायचं.

पेटीवाला:
आवाज चढवू नका. काल रात्री 'आ चल के तुझे' पेटीवर धरलं. नातीनं तीनदा वाजवायला लावलं. मी हरलो असा अर्थ काढू नका, तिला झोप येत नव्हती.