सोव्हिएत चिन्हावरची लाल फीत: ब्रीदवाक्य, घोषवाक्य की नुसती हाक?

तिकीटवेडा:
आमच्या वाचनालयात जुन्या सोव्हिएत टपाल तिकिटांचं छोटं प्रदर्शन मांडतोय. तिकिटांखालचा मराठी मजकूर माझ्या गळ्यात पडलाय आणि दोन-चार शब्दांवर गाडी अडली आहे. ‘विळा-हातोडा’ लिहू की ‘कोयता-हातोडा’? दोन्ही छापलेलं बघितलंय. कणसांच्या वेढ्यातल्या त्या सगळ्या चित्राला राजमुद्रा म्हणायचं, मानचिन्ह की बोधचिन्ह? आणि खालच्या लाल फितीवरचं वाक्य म्हणजे ब्रीदवाक्य की घोषवाक्य? ‘जगातील कामगारांनो, एक व्हा’ असं आपण लहानपणापासून ऐकतो, पण रशियन शिकलेले एक ओळखीचे म्हणाले की मुळात ‘जग’ नाहीच. जाणकारांनी सांगावं.

ऊसपट्टा:
विळाच लिहा. कोयता हे वेगळं हत्यार आहे: जड, रुंद पात्याचं, घाव घालून तोडायचं. ऊस तोडायला कोयता, नारळ सोलायला कोयता. मुठीत पेंढी धरून ओढून कापायचा तो विळा. रशियन ‘सेर्प’ हा गहू-राय कापायचा, म्हणजे विळा. आमच्याकडे तर कोयत्याला आणखी एक अर्थ आहे. ऊसतोडीला निघालेल्या नवरा-बायकोच्या जोडीला मिळून ‘एक कोयता’ म्हणतात आणि मुकादम उचल देतो तीही कोयत्यावर. खरं तर कामगारांच्या चिन्हाला हाच शब्द जास्त शोभला असता, पण तुमच्या तिकिटावर तो नाही.

आणि ‘कणसं’ म्हणू नका हो. कणीस ज्वारी-बाजरीचं, मक्याचं. गव्हाची ओंबी, भाताची लोंबी. सोव्हिएत चिन्हावर गव्हाच्या ओंब्या आहेत. (भारतीय कम्युनिस्ट पक्षाची निवडणूक निशाणी आपण ‘विळा-कणीस’ म्हणतो, त्यामुळे जिभेवर कणीस बसलंय.)

मुद्रितशोधक:
क्रमाबद्दल एक. इंग्रजीत हातोडा आधी येतो, जर्मनमध्येही. रशियनमध्ये मात्र ‘सेर्प इ मोलत’, विळा आधी. इटालियन, फ्रेंच, स्पॅनिशमध्येही विळाच पुढे. मराठीने इंग्रजीमार्फत इतकं काही घेतलं, तरी इथे ‘हातोडा-विळा’ रुळलं नाही. लहान शब्द आधी, मोठा मागून, ही आपल्या जोडशब्दांची सवय कामी आली असावी.

राजमुद्रा नको. ज्यांनी झारला गोळ्या घातल्या त्यांच्या चिन्हाला ‘राज’मुद्रा म्हणणं कानाला कसंसंच लागतं. बोधचिन्ह आज संमेलनांना, क्रीडास्पर्धांना आणि बँकांना असतं. ‘राष्ट्रचिन्ह’ चालेल, पण सोव्हिएत संघ स्वतःला एक राष्ट्र म्हणवत नव्हता, अनेक राष्ट्रकांचं (वेगवेगळ्या भाषा-संस्कृतींच्या लोकसमूहांचं) संघराज्य म्हणवत होता. त्याच्या लांबलचक नावात कुठल्याही प्रदेशाचं नाव नाही, हे कधी लक्षात आलंय का? संघ, सोव्हिएत, समाजवादी, प्रजासत्ताक. भूगोलाचा पत्ताच नाही. मी ‘राज्यचिन्ह’ लिहीन.

जुनी मॉस्कोवाली:
राज्यचिन्ह अगदी बरोबर, आणि त्यात थोडी गंमतही आहे. मी तिकडे शिकत होते तेव्हा वह्यांपासून नाण्यांपर्यंत सगळीकडे हे चिन्ह असायचं. त्याला ‘गसुदार्स्त्वेन्नी गेर्ब’ म्हणत. ‘गसुदार्स्त्वो’ म्हणजे राज्य, आणि त्याच्या पोटात ‘गसुदार’ म्हणजे धनी, सार्वभौम राजा. आपल्या ‘राज्य’मध्ये राजा लपलाय तसाच. तेव्हा मुद्रितशोधक, राजापासून तुमची तरी कुठे सुटका झाली?

‘गेर्ब’ त्याहून मजेदार. हा शब्द पोलिशमधून रशियनमध्ये आला, आणि पोलिशमध्ये जर्मन ‘एर्बे’वरून. एर्बे म्हणजे वारसा. सरदार घराण्यांची पिढीजात ढालचिन्हं असत, त्यांचा हा शब्द. बोल्शेविक सरकारने एप्रिल १९१८ मध्ये हुकूम काढून वारसाहक्क रद्द केला, आणि जुलै १९१८ च्या रशियन राज्यघटनेत ‘गेर्ब’चं वर्णन लिहिलं: लाल पार्श्वभूमीवर, सूर्यकिरणांत, मुठी खाली करून एकमेकांवर ठेवलेले सोनेरी विळा आणि हातोडा, भोवती ओंब्या. वारसा गेला, शब्द राहिला. आधीच्या एका आराखड्यात तलवारही होती, ती लेनिनने काढायला लावली असं सांगतात. ढाल कुठेच नसल्यामुळे जुन्या चिन्हशास्त्राचे पंडित याला गेर्ब मानायलाच तयार नसत.

आता फितीबद्दल. तुमच्या ओळखीच्यांचं बरोबर आहे. रशियन वाक्य असं: ‘प्रोलेतारी व्स्येख स्त्रान, सयेदिन्याय्त्येस!’ शब्दशः ‘सर्व देशांच्या प्रोलेतारींनो, एक व्हा!’ प्रोलेतारी म्हणजे मालमत्ता नसलेला, मजुरीवर जगणारा कामगार. मार्क्स-एंगेल्सच्या १८४८ च्या कम्युनिस्ट जाहीरनाम्याचं हे शेवटचं वाक्य, मूळ जर्मन. तिथेही ‘सर्व देशांच्या’च आहे. जग त्याच्या अगदी आधीच्या वाक्यात आहे: बेड्यांशिवाय गमावण्यासारखं काही नाही, जिंकायला मात्र सारं जग आहे. इंग्रजीत बोलता बोलता ती दोन वाक्यं एकमेकांत मिसळली आणि ‘जगातील कामगारांनो’ झालं. आपल्याकडे तेच आलं.

पण म्हणून ‘जगातील’ खोडू नका. फिती नीट बघा. १९२३ मध्ये संघाचं राज्यचिन्ह ठरलं तेव्हा त्यावर हे एकच वाक्य सहा भाषांत होतं. प्रत्येक संघप्रजासत्ताकाच्या भाषेत ते असायचं, त्यामुळे प्रजासत्ताकं वाढली तशा भाषा वाढत गेल्या. १९३६ च्या राज्यघटनेनंतर ११, १९४६ मध्ये १६. १९५६ मध्ये कारेलो-फिनिश प्रजासत्ताकाचा दर्जा उतरवून ते रशियात विलीन केलं, तेव्हा फिनिश फीत गेली आणि १५ उरल्या. मधोमध खाली रशियन, बाकीच्या ओंब्यांच्या देठांना डावी-उजवीकडे गुंडाळलेल्या.

त्यातली उझबेक फीत म्हणते: ‘बुतुन दुन्यो प्रोलेतारलारी, बिर्लाशिंगिझ!’ दुन्यो म्हणजे आपली दुनियाच. म्हणजे खुद्द सोव्हिएत राज्यचिन्हावर एका भाषेने ‘देश’ सोडून ‘जग’ घेतलेलं आहे. कुणी हरकत घेतली नाही.

त्याहून जवळची ताजिक फीत. ताजिक म्हणजे मध्य आशियातली फारसी. ‘प्रोलेतार्होई हमाई मम्लकत्हो, यक शवेद!’ यक म्हणजे एक, शवेद म्हणजे व्हा. ‘एक व्हा’, जसंच्या तसं. मी पहिल्यांदा भिंगातून हे वाचलं तेव्हा वर्गातल्या ताजिक मुलीला मराठी वाक्य म्हणून दाखवलं होतं. तिला ‘एक’ लगेच कळलं.

ऊसपट्टा:
ताई, भारी. पण मग ‘संघटित व्हा’ का नको? बाबासाहेबांचं ‘शिका, संघटित व्हा, संघर्ष करा’ प्रत्येकाला पाठ आहे. ‘एक व्हा’ जरा मोघम वाटतं. एक व्हा म्हणजे नक्की काय करा?

जुनी मॉस्कोवाली:
संघटित होणं म्हणजे संघ बांधणं, सभासद होणं, वर्गणी भरणं. ते करण्याचं सांगणं आहे. फितीवरचं क्रियापद त्याआधीचं आहे. रशियन ‘सयेदिन्याय्त्येस’च्या गाभ्यात ‘येदिन’ म्हणजे एक. जर्मन क्रियापदात ‘आइन’ म्हणजे एक. युक्रेनियन, बेलारूसी तशाच. तुर्की कुळातल्या फितींत ‘बिर’ म्हणजे एक. आर्मेनियनमध्ये ‘मी’, तोही एकच. इतक्या वेगवेगळ्या कुळांतल्या भाषांना या एका जागी ‘एक’ या आकड्याशिवाय दुसरं सुचलं नाही. आपण कशाला वेगळं काढायचं? ‘एक व्हा’ पक्कं.

अडचण आहे ती ‘प्रोलेतारी’ची. फितींवर बहुतेक भाषांनी तो शब्द तसाच ठेवला, प्रत्यय तेवढे आपापले लावले. मराठीने मात्र तिथे भाषांतर केलं. लॅटिन ‘प्रोलेस’ म्हणजे संतती. रोमच्या जनगणनेत ज्यांच्याकडे मालमत्ता म्हणून दाखवायला काही नव्हतं, राज्याला देण्यासारखी फक्त मुलंबाळं होती, त्यांना ‘प्रोलेतारियुस’ म्हणत.

मुद्रितशोधक:
‘सर्वहारा’ आहे की. बंगालीतून-हिंदीतून आलेला, वैचारिक लेखांत दिसतो. पण मराठी माणसाला तो आपला वाटत नाही. ‘हारा’ म्हटलं की आपल्याला बांबूची मोठी टोपली आठवते. ‘सर्वहारांनो, एक व्हा’ अशी घोषणा मोर्च्यात देऊन बघा, पहिल्या रांगेतलेच मागे वळून बघतील.

‘श्रमजीवी’ला पुस्तकाचा वास. ‘कष्टकरी’ जिवंत शब्द आहे, मोर्च्यात चालतो, पण त्यात अल्पभूधारक शेतकरीही येतो, आणि मार्क्सच्या अर्थाने तो प्रोलेतारी नव्हे. इथे चिन्हातली एक फट दिसते बघा. चित्रात विळा आहे, ओंब्या आहेत, म्हणजे शेतकरी ठळक आहे. वाक्यात मात्र त्याला हाकच मारलेली नाही. चित्र दोघांचं, वाक्य एकाचं. ‘कष्टकऱ्यांनो’ लिहिलं तर आपण ती फट बुजवून टाकतो, आणि भाषांतरकाराने ते करू नये. ‘कामगारांनो’ राहू द्या.

मराठीत जाहीरनामा १९३१ मध्ये आला, गंगाधर अधिकाऱ्यांनी केलेला. ते बर्लिनला रसायनशास्त्रात डॉक्टरेट करून आलेले, म्हणजे जर्मन उत्तम, आणि तेव्हा मीरत खटल्यातले, म्हणजे ब्रिटिश सरकारने कम्युनिस्ट आणि कामगार पुढाऱ्यांवर भरलेल्या कटाच्या खटल्यातले आरोपी. गिरणगावात लाल बावट्याखाली घोषणा मात्र गळ्याला सोपी पडेल तीच टिकली. ‘सर्व देशांतील’पेक्षा ‘जगातील’ म्हणायला हलकं आहे, मला तर एवढं एकच कारण पटतं.

तिकीटवेडा:
फिती मोजण्याची युक्ती लई कामाची. म्हणजे ज्या तिकिटावर फिती पूर्ण काढल्यात आणि १६ भरतात, तो आराखडा १९४६ ते १९५६ मधला. आता भिंग घेऊन बसतो. पण ब्रीदवाक्य की घोषवाक्य, ते राहिलंच.

मुद्रितशोधक:
ते राहू दिलं कारण माझ्या मते दोन्ही नाही. ‘ब्रीद’ म्हणजे स्वतःबद्दल चारचौघांत मिरवलेली गोष्ट, आणि मिरवली म्हणून पाळावी लागणारी. संत विठ्ठलाला तेच ऐकवतात: पतितपावन हे तुझं ब्रीद, मग मला तार, नाहीतर ब्रीद सोड. ब्रीद धरून जाब विचारता येतो. ‘सत्यमेव जयते’ हे ब्रीदवाक्य आहे. ते राज्याने स्वतःवर ओढून घेतलंय, आणि कोर्टाच्या पायरीवर बसलेला माणूस त्यावरून राज्याला टोमणा मारू शकतो.

सोव्हिएत फितीवरचं वाक्य राज्याबद्दल काही बोलतच नाही. ते संबोधन आहे, आज्ञार्थी, अनेकवचनी, आणि ज्यांना उद्देशून आहे ते बहुतेक त्या राज्याच्या हद्दीबाहेर राहतात! चिन्हात मध्यभागी आख्खा पृथ्वीगोल आहे, त्यावर देशाची सीमा काढलेली नाही. चित्र आणि व्याकरण इथे एकमेकांना धरून आहेत. वाक्य पाळलं गेलं नाही तर दोष कुणाचा? एक न झालेल्या कामगारांचा. राज्य नामानिराळं. अशा वाक्याला ब्रीद कसं म्हणणार?

घोषवाक्य म्हणजे एसटीवर लिहितात ते ‘मुलगी शिकली, प्रगती झाली’. मोहीम असते तोवर असतं, मग रंग उडतो. हे वाक्य घटनेतल्या चिन्हाचा भाग होतं, कम्युनिस्ट पक्षाच्या ‘प्रावदा’ या दैनिकाच्या मथळ्याशेजारी रोज छापलं जात होतं. घोषवाक्य म्हणून त्याची बोळवण नको. ‘आवाहन’ म्हणा.

सायगाव रिटर्न:
मध्येच घुसतो. कामानिमित्त व्हिएतनामी कागदपत्रं हाताळतो. तिथे मुद्रितशोधकांना हवं तसं ब्रीदवाक्य सापडेल. सरकारी कागद कुठलाही घ्या, जन्मदाखला, करार, अगदी साधा अर्ज. सगळ्यात वर देशाचं पूर्ण नाव, आणि त्याखाली ‘दोक लाप – तू झो – हान्ह फुक’. पूर्वी आपल्याकडे पत्राच्या माथ्यावर ‘श्री’ घातल्याशिवाय मजकूर सुरू होत नसे, तसं. १९४५ पासूनचं आहे, आणि त्यात कुणाला हाक नाही, आज्ञा नाही, नुसती तीन नामं.

मराठीत आणताना मात्र घोळ होतो. पहिला शब्द देशाच्या स्वातंत्र्याचा, दुसरा माणसाच्या. आपण दोन्हीला ‘स्वातंत्र्य’च म्हणतो! ‘स्वातंत्र्य – स्वातंत्र्य – सुख’ असं छापलं तर मुद्रितशोधक एक खोडतील. मी ‘स्वाधीनता – स्वातंत्र्य – सुख’ लिहितो. स्वाधीनता थोडी हिंदी वळणाची वाटते, पण इलाज नाही.

ऊसपट्टा:
चीनचं काय? तिथेही विळा-हातोडा असेल ना?

सायगाव रिटर्न:
राज्यचिन्हावर नाही. तिथे तिआनआनमेनचा दरवाजा, पाच तारे, दातेरी चाक, आणि तुमच्या भाषेत सांगायचं तर ओंब्याही आणि लोंब्याही. १९५० पासून. विळा-हातोडा पक्षाच्या झेंड्यावर. आणि राज्यचिन्हावर अक्षर एकही नाही, त्यामुळे ब्रीद की आवाहन हा वादच मिटला. पूर्व जर्मनीत तर विळाही नव्हता: हातोडा, कंपास आणि भोवती रायच्या ओंब्यांचं कडं. कंपास बुद्धिजीवींसाठी. मराठी मजकुरात ‘कर्कटक’ लिहू नका, ते दोन्ही टोकं अणकुचीदार असलेलं.

तिकीटवेडा:
सगळ्यांचे आभार. मजकूर असा करतोय: ‘सोव्हिएत संघाचे राज्यचिन्ह. पृथ्वीगोलावर विळा-हातोडा, खाली उगवता सूर्य, भोवती गव्हाच्या ओंब्या. लाल फितींवर १५ भाषांत एकच आवाहन: सर्व देशांच्या कामगारांनो, एक व्हा!’ उझबेक फितीसाठी वेगळी चिठ्ठी लावतो, ‘जगातील’ म्हणून.

मुद्रितशोधक:
‘देशांच्या’ऐवजी ‘देशांतील’ करा. ‘देशांच्या कामगारांनो’ म्हटलं की कामगार देशाच्या मालकीचे वाटतात. आणि उद्गारचिन्ह विसरू नका, ते मूळ फितीवरही आहे.