'प्रॉडक्शन डिझायनर'ला मराठीत काय म्हणायचं?

प्रश्न: चित्रपटाच्या एका प्रॉडक्शन डिझायनरच्या कारकिर्दीवरचा लेख मराठीत आणतेय. पहिल्या खर्ड्यात सरसकट 'कला दिग्दर्शक' लिहीत गेले आणि एका वाक्यापाशी अडकले: 'सात वर्षं आर्ट डायरेक्टर म्हणून काम केल्यावर ती प्रॉडक्शन डिझायनर झाली.' आता दोन्हीकडे कला दिग्दर्शकच! 'निर्मिती संकल्पक' चालेल का?

उत्तर: ते मुळीच नको. मराठी श्रेयनामावलीत 'निर्मिती' दिसलं की डोळ्यांपुढे येतो पैसा आणि व्यवस्था. 'निर्मिती सूत्रधार' आठवा. वाचकाला वाटेल, बाई निर्मात्याकडे बसून चेक फाडतात.

घोळ मुळात इंग्रजीतलाच आहे. पूर्वी आर्ट डायरेक्टर हाच सेट उभारणाऱ्या आर्ट डिपार्टमेंटचा प्रमुख असायचा. 'गॉन विथ द विंड' (१९३९) या चित्रपटासाठी विल्यम कॅमेरॉन मेंझीस यांना प्रॉडक्शन डिझाइनचं श्रेय दिलं गेलं आणि तिथून हे नाव पुढे आलं. चित्रपट कसा दिसणार, हे त्यांनी चित्रीकरणाआधीच रेखाटनांमधून ठरवत नेलं होतं. तरी ऑस्करच्या यादीत पुढची कित्येक वर्षं 'आर्ट डायरेक्शन'च होतं, ते नाव बदललं २०१२ मध्ये. त्यामुळे जुन्या लेखातला कला दिग्दर्शक हा बहुतेक वेळा आजचा प्रॉडक्शन डिझायनर असतो. 'प्रभात' फिल्म कंपनीच्या फत्तेलालांना आपण कला दिग्दर्शक म्हणतो ते त्याच अर्थाने. तिथे शब्द बदलायला जाऊ नका.

आज फरक काय, ते एका भिंतीवरून सांगतो (मी काही वर्षं आर्ट डिपार्टमेंटला असिस्टंट होतो, म्हणून भिंतीच सुचतात). पटकथेत फक्त 'दिवाणखाना, रात्र' एवढंच आहे. प्रॉडक्शन डिझायनर ठरवते की या घरातला एक फोटो गोष्ट सुरू होण्याआधीच कुणीतरी उतरवलाय. मग आर्ट डायरेक्टर ड्रॉइंग काढून घेतो, खर्च बसवतो, भिंत उभी करतो आणि रंगाऱ्याकडून ती जुनी करून घेतो, मधला फ्रेमएवढा चौकोन तेवढा फिकट ठेवून. सेट डेकोरेटर वर एक खिळा तसाच राहू देतो. आणि तो उतरवलेला फोटो नायिकेने कपाटातून काढून हातात घेतला, की ती झाली प्रॉपर्टी; तिचा हिशेब वेगळ्या माणसाकडे. चौघांचं काम एकाच चौकोनावर, पण चौकोन हवा हे ठरवणारी एकच.

प्रश्न: मग सरळ 'नेपथ्यकार' का नको? शब्द आपला आहे, रुळलेला आहे.

उत्तर: मोह मलाही होतो. गंमत म्हणजे संस्कृतात नेपथ्य म्हणजे वेशभूषा, साज, आणि पडद्यामागची ती सजण्याची जागा. संस्कृत नाटकात 'नेपथ्ये' अशी सूचना आली की आवाज आडून येतो, बोलणारा दिसत नाही. मराठीने तोच शब्द उचलून प्रेक्षकांना समोर दिसणाऱ्या देखाव्याला लावला! म्हणजे अर्थ ताणायला हा शब्द तयार आहे. पण आज तो रंगमंचाला इतका घट्ट चिकटलाय की वाचकाला पडदा आणि विंगच दिसणार. शिवाय नाटकाचा प्रेक्षक जागेवर बसलेला असतो. इथे कॅमेरा फिरतो, लेन्स बदलते, एखादी भिंत शॉटपुरती काढता येईल अशीच बांधावी लागते. लोकेशनची निवड, सगळ्या चित्रपटाची रंगसंगती, छायालेखकाशी आणि वेशभूषाकाराशी बसून केलेली बोलणी, हे सगळं 'नेपथ्य'त मावत नाही.

तुमच्या लेखात 'प्रॉडक्शन डिझायनर' असंच ठेवा आणि पहिल्यांदा येईल तिथे 'चित्रपटाचं एकूण दृश्यरूप ठरवणारी' एवढं जोडा. 'दृश्यसंकल्पक' हा शब्द मला आवडतो, पण सेटवर त्या नावाने हाक मारली तर कुणी वळून बघणार नाही.

अडलेलं वाक्य असं करा: 'सात वर्षं कला दिग्दर्शन केल्यावर ती स्वतंत्रपणे प्रॉडक्शन डिझाइन करू लागली.' 'झाली' म्हटलं की बढतीचा हुकूम हातात पडल्यासारखं वाटतं. या धंद्यात तसा हुकूम येत नाही. कुणीतरी दिग्दर्शक विश्वास टाकतो आणि पुढच्या चित्रपटाला पुन्हा फोनची वाट बघायची. छोट्या चित्रपटांत तर दोन्ही कामं एकाच माणसाच्या गळ्यात पडतात. तसा उल्लेख लेखात आला, तर तिथे 'कला दिग्दर्शक' बिनधास्त लिहा.

प्रश्न: पटलं. आणि 'सेट ड्रेसिंग'ला, म्हणजे सेटवर सामानसुमान मांडण्याला, 'सजावट'?

उत्तर: लग्नाचा हॉल असेल तर. तुमच्या लेखात पसारा मांडणंही ड्रेसिंगमध्येच येतं.