आनुवंशिक, अनुवांशिक आणि वांशिक

शंका : कीथ वायलू या अमेरिकी इतिहासकाराच्या पुस्तकांवर टिपण लिहितोय. दोन ठिकाणी अडलो. 'अनुवांशिक' बरोबर की 'आनुवंशिक'? आणि आरोग्याच्या बाबतीत 'तफावत' म्हणावं की 'विषमता'?

उत्तर : आनुवंशिक. अनुवंश + इक. 'इक' लागला की पहिल्या स्वराची वृद्धी होते, म्हणजे इथं 'अ'चा 'आ' होतो : प्रसंग-प्रासंगिक, परंपरा-पारंपरिक. 'पारलौकिक'मध्ये दोन्ही पदांची वृद्धी आहे, पण तिथंही पहिलं अक्षर सुटलेलं नाही. 'अनुवांशिक'मध्ये नेमकं तेच सुटतं.

मला मात्र व्याकरणापेक्षा दुसरी काळजी जास्त वाटते. 'अनुवांशिक' लिहिलं की त्यात 'वांशिक' आयतं दिसतं. गडचिरोलीकडे सिकलसेलच्या (तांबड्या रक्तपेशी विळ्याच्या आकाराच्या होण्याचा आजार) तपासणीत मदतीला होते तेव्हा पत्रकावर ठळक छापलं होतं, 'अनुवांशिक आजार'. एका आईनं त्यावर बोट ठेवून विचारलं, "ताई, म्हणजे हा आमच्या जातीचा रोग आहे का?" तिच्या मुलाचा रिपोर्ट 'एसएस' आला होता, म्हणजे दोन्ही जनुकं सिकलसेलची, आजार असलेला. मी पत्रकाच्या मागं लिहून दाखवलं : आई एएस (म्हणजे एकच सिकलसेल जनुक असलेली, वाहक), बाप एएस, दर बाळंतपणात मूल एसएस होण्याची शक्यता चारात एक. दोघांकडून एकेक जनुक आलं, जातीकडून काही आलं नाही. तिनं तो कागद घडी घालून कमरेच्या पिशवीत ठेवला.

वायलूंच्या 'डाइंग इन द सिटी ऑफ द ब्लूज' (2001) या पुस्तकात हाच गुंता अमेरिकेतल्या मेम्फिस शहराच्या निमित्तानं येतो. शिकागोच्या जेम्स हेरिक यांनी 1910 मध्ये या आजाराचं वर्णन केलं. रुग्ण ग्रेनाडाहून आलेला डेंटलचा विद्यार्थी. पुढं अमेरिकेत कित्येक वर्षं तो काळ्यांच्या रक्तातलाच रोग मानला गेला. 1952 मध्ये तेच जनुक निलगिरीच्या आदिवासींत सापडलं. ग्रीसमध्ये आहे, अरबस्तानात आहे. वाहकाला जीवघेण्या मलेरियापासून बरंच संरक्षण मिळतं, म्हणून मलेरियाच्या मुलखांत ते टिकलं. आजार आनुवंशिक आहे, वांशिक नाही. मराठीत एका काना-मात्रेनं हा फरक पुसला जातो, याचं मला खरंच वाईट वाटतं.

आणखी एक उत्तर : तफावत वजनात येते, हिशेबात येते, ती मोजायची. विषमतेला मागं समाज असतो. मेम्फिसमध्ये काळ्या मुलांचा ताप आणि हाडं ठणकणं मलेरिया किंवा दुसरा संसर्ग समजून सोडून दिलं जाई, म्हणून आजार कितीतरी काळ दिसलाच नाही. त्याला 'तफावत' म्हणणं फार सौम्य होईल. वायलूंसाठी 'आरोग्य-विषमता'च घ्या, आकडे देताना 'तफावत' चालेल.

'जन्मजात' मात्र आनुवंशिकाच्या जागी घालू नका. गरोदरपणी आईला रुबेला झाला तर बाळ बहिरं जन्मू शकतं. ते जन्मजात, आनुवंशिक नव्हे. हंटिंग्टनचा आजार (मेंदूच्या पेशी हळूहळू नष्ट करणारा) याच्या उलट : आनुवंशिक, पण बहुधा तिशी-चाळिशीनंतर दिसू लागतो.