अनुभव धागा: लिहिलेलं एक, म्हणायचं भलतंच

मराठी माध्यमात शिकलेल्यांना इंग्रजी शब्द आधी छापील भेटतो, कानावर पडतो तो पुष्कळ नंतर. अतिशयोक्तीला इंग्रजीत 'हायपर्बली' म्हणतात. कॉलेज संपेपर्यंत मी 'हायपरबोल' म्हणत होते. शब्द ग्रीकमधून आलेला, म्हणून शेवटचा ई मुका नाही, हे मैत्रिणीच्या आईने सांगितलं. तुम्हाला अडलेला शब्द कोणता? खरा उच्चार कुणी सांगितला? सविस्तर लिहा.

*

माझं उलट झालं. 'कर्नल' मराठी पेपरात वाचून पाठ होता. आठवीत असताना शेजारच्या निवृत्त कर्नलकाकांच्या दारावरची इंग्रजी पाटी एकेक अक्षर लावून वाचली: सी-ओ-एल-ओ-एन-ई-एल. 'आर' कुठेच नाही! पाटी रंगवणारा चुकला असं वाटून मी काकांना सांगायला गेलो. त्यांनी बसवून घेऊन समजावलं. मूळ इटालियन 'कोलोनेल्लो'. फ्रेंचांनी त्यातल्या पहिल्या 'ल'चा 'र' केला आणि इंग्रजांनी तेच रूप उचललं. पुढे स्पेलिंग इटालियन वळणावर गेलं, जिभेवरचा 'र' मात्र हलला नाही.

*

रिसीटमधला 'पी'. लॅटिनची आठवण म्हणून पंडितांनी घुसवलेला. कर्जाला म्हणतात त्या 'डेट'मधला 'बी' पण तसाच. मुलांना हे सांगितलं की स्पेलिंग चुकत नाही, शिक्षिका म्हणून खात्रीने सांगते.

*

मी मर्चंट नेव्हीत. पहिल्या जहाजावर क्रू लिस्टमध्ये वाचलं आणि डेकवर 'बोटस्वेन साहेब' अशी हाक मारली. रापलेल्या चेहऱ्याचा तो माणूस दोर गुंडाळायचा थांबला. "बाळा, बोसन म्हण. नाहीतर सारंग म्हण, आपलाच शब्द आहे." माझे आजोबा सारंग होते. घरात हा शब्द रोजचा, पण तो नि हा एकच हुद्दा, हे तिथे कळलं. डेकवरच्या खलाशांचा मुकादम. 'फोरकॅसल' लिहितात तो नाळेकडचा, म्हणजे जहाजाच्या पुढच्या टोकाचा भागही बोलताना नुसता 'फोक्सल'. वाऱ्यात ओरडून सांगायचे शब्द, झिजणारच.

*

डोळ्यांच्या वॉर्डात नर्स आहे. नवीन असताना एका आजींच्या केसपेपरवर शब्द दिसला: पी-एच-टी-एच-आय-एस-आय-एस. सुरुवातीलाच चार व्यंजनं! मोठ्या सिस्टर म्हणाल्या, "थायसिस म्हण, पी सोडून दे." डोळा निकामी होऊन आक्रसत जातो, ती अवस्था. पूर्वी टीबीलाही हेच नाव होतं. ग्रीकमध्ये अर्थ झिजणं, म्हणजे आपला क्षयच. नंतर वाचलं की ग्रीक शब्दाचा धातू आणि संस्कृत 'क्षि' एकाच मुळातले. परवा नवीन मुलगी त्याच शब्दाशी अडली, तेव्हा तिच्या वहीत मी 'थायसिस' लिहिलं आणि शेजारी 'क्षय'.